आमचे कॅप्टन दाजी

म्हसवडच्या स्टँडसमोर माझ्या दाजींचा फ्लेक्स लागला होता. खाली पन्नास जणांचे पासपोर्ट फोटो, वर 'भावपूर्ण श्रद्धांजली' आणि मधोमध दाजी. डोक्यावर सोनेरी नांगराची पांढरी टोपी. ती टोपी दाजींनी जन्मात कधी घातली नव्हती. फ्लेक्सवाल्यानं कुणाच्या तरी डोक्यावरची कॉम्प्युटरवर उचलून यांच्या डोक्यावर बसवली होती, आणि ती एका बाजूला इतकी खाली आली होती की डावा कान गायब झाला होता. ठळक अक्षरांत लिहिलं होतं, 'कै. कॅप्टन बिरूदेव'. मी यष्टीतून उतरले, बोर्ड बघितला आणि भर स्टँडवर म्हणाले, "डोंबल्याचा कॅप्टन!" शेजारची बाई चपापून लांब सरकली.

मेलेल्या माणसाविषयी कसं बोलावं हे मला कळतं. कोरेगावच्या शाळेत मी उभी हयात तेच शिकवण्यात घालवली. पण दाजी हयात असतानाही मला त्यांच्याविषयी चांगलं बोलायला कधी जमलं नाही, आता एकाएकी कुठून आणू? आक्काला, म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीला, म्हटलं, "तो बोर्ड काढायला सांग." ती म्हणाली, "ऱ्हाऊ दे. लोकांनी हौसेनं लावलाय." आक्काचं हे असंच. तिनं आयुष्यभर सगळं राहू दिलं.

दाजी अठ्ठावीस वर्षं एका मोठ्या प्रवासी जहाजावर नोकरीला होते. जहाजाच्या पोटात, पाण्याच्या पातळीखाली जो धोबीखाना असतो, तिथं ते चादरींना इस्त्री करायचे. हे मी आधीच सांगून टाकते, कारण दाजींनी ते एक वेळ सोडली तर कधीच कुणाला सांगितलं नाही. धुण्याला किंवा इस्त्रीला मी नावं ठेवत नाही. आमचे दोन्हीकडचे बापजादे मेंढरामागं हिंडलेले, पावसाळ्यापुरते घरी टेकलेले. कष्टाची लाज आमच्यात कुणाला नव्हती. ती नेमकी याच माणसाला कुठून आली देव जाणे. गावाला त्यांनी सांगितलं होतं की कॅप्टनच्या खालोखाल आपणच. गावानं मधलं 'खालोखाल' गाळून टाकलं. दाजींनी दुरुस्त केलं नाही.

दिसायला बेताचे, ताठ, पांढरी पँट, पांढरा सदरा. रजा न चुकता सिद्धनाथाच्या रथाच्या वेळेला टाकायचे. का, तर आख्खा तालुका तेव्हा म्हसवडात असतो आणि बघायला माणसं लागतात. घरात शिरले की पहिलं वाक्य ठरलेलं, "बोटीवर असलं चालत न्हाई." दारात चप्पल वाकडी पडली, बोटीवर चालत न्हाई. आमटीत खोबऱ्याचा तुकडा मोठा राहिला, चालत न्हाई. शेळी ओरडली तरी चालत न्हाई. एकदा माझ्या आईनं विचारलं, "मग जावाईबापू, तिथं चालतंय तरी काय?" तर म्हणाले, "शिस्त." आई बिचारी रात्रभर शिस्त म्हणजे काय खायचं असतं का म्हणून मला विचारत राहिली.

एक खोड मात्र त्यांना लपवता यायची नाही. कुठलंही कापड दिसलं की तळहात त्याच्यावर फिरायचा. बोलता बोलता सतरंजीची चुणी काढतील, भाकरी झाकलेल्या फडक्याचे कोपरे जुळवतील, माझ्या मांडीवरचं वर्तमानपत्र ओढून घेऊन सरळ करतील. आणि कोपरापासून मनगटापर्यंत आतल्या बाजूला भाजल्याचे आडवे डाग, एकाखाली एक. "बॉयलर फुटला तवा कॅप्टनला वढून काढला," असं त्या डागांचं उत्तर होतं. दर दोन वर्षांनी एक नवा डाग दिसायचा. म्हणजे बॉयलर भलताच फुटका असणार, नाहीतर कॅप्टन तरी.

जहाजाची जन्मकथा गावात सगळ्यांना पाठ होती. दाजी पारावर बसून सांगायचे, "तवा ती लायनर हुती. लायनर म्हंजी काय? म्हंजी आपली यष्टी. हितनं माणूस उचलायचा, तिथं न्हिऊन सोडायचा. विलायतेतनं माणसं ट्रंका घिऊन चढायची, ती पार ऑस्ट्रेलियाला उतरायची. परत यायची न्हाईत. वरच्या वर्गाला पियानू, खालच्या वर्गाला लाकडी फळ्या, मधी कुलूप. मग इमानं आली. महिन्याची वाट एका दिसात. कोण बसतंय बोटीत? बसली उपाशी. मग एका ग्रीक मालकानं घेतली. मधल्या भिंती पाडल्या, माल भरायच्या खणात पवायचा हौद केला, पांढरा रंग मारला, नवं नाव ठिवलं. झाली क्रूझ."

"क्रूझ म्हंजी?" कुणीतरी दरवेळी विचारायचंच.

"क्रूझ म्हंजी जिथनं निघायचं तिथंच परत यायाचं. मधी खायाचं, नाचायचं, पत्तं कुटायचं."

"म्हंजी जायाचं कुठंच न्हाई?"

"न्हाई."

"मग त्यापरीस घरी बसावं की गड्या!"

सगळे हसायचे आणि दाजींचं नाक लाल व्हायचं. "दर्याचं तुमाला काय कळतंय!" म्हणून उठायचे. आणि हे सगळं सांगायचं ते डोळ्यांनी पाहिल्यासारखं. ती लायनर होती तेव्हा हे नाक पुसत पाटीवर बाराखडी गिरवत होते. ग्रीकानं दिलेल्या रंगाचे पोपडे निघायला लागले, तेव्हा कुठं गोदीतल्या एका पाहुण्याच्या वशिल्यानं हे तिच्या पोटात शिरले.

त्या हौदावरून तर त्यांची चांगलीच जिरली होती. उन्हाळ्याचे दिवस. गावात टँकर चार दिवसांनी यायचा. बाया हंडे-कळश्या मांडून उन्हात उभ्या, आणि दाजी तिथं जाऊन सांगतायत की आमच्या बोटीवरचा हौद रोज सकाळी भरतात अन् रोज रात्री सोडून देतात. रोज! ऐकणाऱ्या बायांच्या ओठांना चिरा पडलेल्या. रांगेत सगळ्यात म्हातारी होती ती हंड्यावर टेकून म्हणाली, "बिरू, ते पाणी गोडं असतंय का रं?"

"न्हाई. खारं."

"मग कशाला सांगतुयास मुडद्या? सरक बाजूला, कळशी लावू दे."

मला तो दिवस अजून आठवला की बरं वाटतं.

आणि आमच्या शाळेतला तो समारंभ! हेडमास्तरांना कुठून तरी कळलं की बाईंचे दाजी कॅप्टन आहेत. प्रमुख पाहुणे म्हणून बोलवा म्हणाले. मी टाळून पाहिलं, जमलं नाही. दाजी आले, फेटा बांधून घेतला, अर्धा तास शिस्तीवर बोलले. शेवटी पाचवीतल्या एका मुलीनं हात वर केला, "सर, जहाज लोखंडाचं असून बुडत का नाही?" दाजी घशातल्या घशात काहीतरी बोलले. मुलगी तशीच उभी. दाजींनी माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे पाहिलं. मग म्हणाले, "शिस्तीमुळं." मुलांनी टाळ्या वाजवल्या. मी संध्याकाळपर्यंत स्टाफरूममध्ये गेले नाही.

हे सगळं मी हसण्यावारी नेलं असतं. माणसं बढाया मारतात, चालायचंच. माझा राग वेगळा आहे. लग्न ठरलं तेव्हा या माणसानं आमच्या आप्पांसमोर शब्द दिला होता, "वरसाच्या आत हिला बोट दावतो. वर बसवून फिरवून आणतो." आक्का तेव्हा एकोणीस वर्षांची. तिनं दागिना मागितला नाही, लुगडं मागितलं नाही. एवढं एकच धरून बसली. आणि बोटीवर तशी पद्धतही होती. नोकरीची थोडी वर्षं झाली की बायकोला वर्षातून एक फेरी फुकट. हे दाजींनीच फुशारकीत सांगितलं होतं, आणि मग जन्मभर निस्तरत बसले.

आक्का विचारायची, "आवं, औंदा?" की कारण तयार. औंदा मालक बदललाय. औंदा नवं नाव ठेवलंय, कागद जुन्या नावाचे हायत. जहाजाची चार नावं झाली, दाजींना चार कारणं मिळाली. मग वर जुगाराचा हॉल काढला, तर म्हणे तिथं घरंदाज बाईनं जाऊ नये. मग इंजिन थकलं आणि दीड वर्षं ती कुठल्याशा बंदरात नुसती बांधून ठेवली, कुणी घेईना, कुणी फोडीना. तेवढा काळ दाजी घरी. आक्का पहाटे उठून शेरडं सोडायची, बाजरी खुडायची, डाळिंबाच्या चार झाडांना डोक्यावरून पाणी घालायची, आणि हे ओट्यावर बसून तिला शिस्त शिकवायचे. शेवटी एकानं ती बोट स्वस्तात घेऊन म्हाताऱ्या प्रवाशांच्या स्वस्त फेऱ्यांना लावली, आणि दाजी परत गेले. मी त्या अनोळखी मालकाचे मनातल्या मनात आभार मानले.

मग एकदा बोट दोन दिवसांसाठी मुंबईला आली. आक्कानं दाजींना न विचारता ठरवलं आणि मला बरोबर घेतलं. कडक भाकरी, शेंगदाण्याची चटणी, लसणाचा ठेचा, असं मोठं गाठोडं बांधलं. जत्रेला नेसायचं हिरवं लुगडं नेसली. बंदराच्या फाटकापाशी आम्ही सकाळी जाऊन उभ्या राहिलो. निरोप आत गेला. तासाभरानं दाजी आले. अंगावर कडक पांढरा युनिफॉर्म, खांद्यावर सोनेरी पट्ट्या! बाह्या मात्र बोटांच्या टोकापर्यंत आलेल्या. साहेबाचा, धुवायला आलेला असणार. इकडं-तिकडं बघत म्हणाले, "आज तपासणी हाय. बाहेरच्याला सोडत न्हाईत. कशाला आलीस?" गाठोडं घेतलं आणि गेले. आक्काला गोदामांच्या पत्र्यांवरून फक्त पिवळं धुराडं दिसलं.

आणि आमच्या डोळ्यांदेखत बाकीच्यांच्या बायका-पोरी नटूनथटून आत जात होत्या. घरच्यांना आत न्यायला आलेल्या एका गोव्याच्या माणसाला मी गाठलं. तो प्रवाशांच्या खोल्या आवरायचा. विचारलं, "बिरूदेव कुठल्या खात्यात आहेत हो?" तो खुलला. "बिरू? इस्त्रीवाला? बाई, त्याच्यासारखी चादरीची घडी आख्ख्या बोटीवर कुणाला जमत नाही. तुम्ही आत का येत नाही? आज घरच्यांना मोकळीक आहे."

मी ते आक्काला परतीच्या गाडीत सांगितलं. खरं सांगते, मायेनं नाही, रागानं सांगितलं. तिनं रडावं, त्याला शिव्या द्याव्यात असं मला वाटत होतं. ती खिडकीबाहेर बघत राहिली. लोणंद गेल्यावर म्हणाली, "तुला इचारलं हुतं का मी?" त्यानंतर वर्षभर ती माझ्याशी बोलली नाही. आमच्यात नवऱ्याला चारचौघांत खोटं पाडायची रीत नाही. आक्कानं तर त्याला एकांतातही पाडलं नाही. दाजी रजेवर आले की ती पुन्हा विचारायची, "आवं, औंदा?" आणि ते पुन्हा काहीतरी सांगायचे. मला वाटायचं, दोघांच्याही एकेक थोबाडीत द्यावी.

दाजी निवृत्त झाले. चार वर्षं पारावर बसून तेच दळण दळलं. मग एक दिवस त्या गोव्याच्या माणसाचा फोन आला की बोट शेवटी फोडायला काढली. गुजरातला अलंगच्या किनाऱ्यावर आणून वाळूत चढवलीय, काम सुरू झालंय. दाजी दोन दिवस जेवले नाहीत. तिसऱ्या दिवशी आक्कानं पहिल्यांदा आवाज चढवला, "आता औंदा-फिवंदा न्हाई. मला बघायची हाय." गुडघ्यांनी ती तेव्हा नीट चालतही नव्हती. मला फोन केला. दाजींच्या भरवशावर तिला एवढ्या लांब पाठवायची माझी तयारी नव्हती, म्हणून मीही जीपमध्ये बसले.

अलंगला रस्त्याच्या दोन्ही बाजूंना फोडलेल्या जहाजांचं सामान विकायला मांडलेलं असतं. पलंग, कपबश्या, आरसे, संडासाची भांडीसुद्धा. आक्का एका दुकानात चादरींच्या ढिगापाशी थांबली. दाजी दुकानदाराला सांगायला लागले, "हम जहाज पे अफसर था." आणि सांगता सांगता त्यांचे हात त्या ढिगाला लागले. एक चादर उचलली, झटकली, कोपऱ्याला कोपरा, घडी. दुसरी. तिसरी. तोंडानं अफसर, आणि हातानं घड्या! दुकानदार बघतच राहिला. मला हसू आवरेना. आक्कानं मला चिमटा काढला, इतक्या जोरात की वळ उठला.

फोडायच्या जागेच्या फाटकावर पहारेकरी होता. पलीकडे पत्र्याच्या वर बोटीची मागची बाजू दिसत होती, गंजलेली, पाच मजल्यांएवढी उंच. पहारेकरी म्हणाला, "अंदर जाना मना है." दाजींनी छाती काढली. मला वाटलं, आता अफसर निघणार. पण त्यांनी एकदा मागं वळून आक्काकडे पाहिलं. ती जीपच्या दाराला धरून उभी होती, एका पायावर भार देऊन. आणि दाजींची छाती खाली बसली.

"साब," ते म्हणाले, "हम ये जहाज पे धोबी था. अठ्ठाईस साल. चद्दर को इस्त्री करता था. ये मेरी घरवाली है. इसको दिखाता बोला था, दिखाया नहीं. एक बार जाने दो."

आक्काला हिंदी समजत नाही असा दाजींचा समज होता. घरात रोज संध्याकाळी टीव्हीवर काय चालतं ते या माणसानं कधी पाहिलंच नव्हतं.

पहारेकऱ्यानं दोघांना खालवर न्याहाळलं. मग म्हणाला, "एक आदमी. दस मिनट. दूर से."

मी मनात म्हटलं, आता हा स्वतः जाणार. दाजी म्हणाले, "इसको ले जाओ." पहारेकऱ्यानं आक्काच्या पदरावरून पिवळं हेल्मेट घातलं आणि तिला आत नेलं. फाटक लागलं. बाहेर मी आणि दाजी.

फाटकाकडे बघतच दाजी म्हणाले, "बाई, तुमाला म्हाईत हुतं न्हवं?"

"हो."

"अन् हिला?"

"तिलाही. मुंबईला गेलो होतो तेव्हापासून."

त्यांचा चेहरा असा झाला की एरवी मला मजा वाटली असती. म्हणाले, "मग ती सारखी मागं का लागायची? म्हाईत हुतं तर काय बघायचं हुतं तिला?"

हे मला आक्कानंच, बोलणं सुरू झाल्यावर, एकदा सांगितलं होतं. मी ते मनात ठेवलं होतं, आणि आता सगळ्या जन्माचा राग काढून तोंडावर फेकलं. "तुमचा कॅप्टन नव्हता बघायचा तिला, दाजी. माझा माणूस वर्षाचं अकरा महिने कुठं उभा राहतो, तिथं वारं लागतं का नाही, तेवढं बघायचं होतं. तुमचा धोबीखानाच बघायचा होता. तेवढा एकच तुम्ही लपवलात."

दाजी रस्त्याकडेच्या दगडावर बसले. दोन्ही तळहात मांडीवरच्या पँटीची चुणी काढत राहिले. मला आनंद व्हायला हवा होता. इतकी वर्षं मी हेच म्हणायची वाट पाहत होते. पण झाला नाही, काय करू?

आक्का आली. पाय चिखलानं भरलेले, चपला हातात. हेल्मेट परत दिलं, पदर सारखा केला. "लय मोठी हाय," म्हणाली. "हात लावला. उन्हानं तापली हुती."

दाजी उठले. "आन् इस्त्रीची जागा? धोबीखाना दिसला का गं?" एवढ्या वर्षांत तिच्यापुढं त्यांच्या तोंडून तो शब्द पहिल्यांदा निघाला.

आक्का दचकली नाही. म्हणाली, "फुडचं खालचं समदं कापून न्हेलंय. तिथनं पार आरपार समिंदर दिसतोय. काय ऱ्हायलं न्हाई."

उशीर झालेली माणसं मी पुष्कळ पाहिलीत, पण इतका उशीर झालेला नाही पाहिला. या माणसाचा तिटकारा मला तेव्हाही होता, आजही आहे. तिच्या आयुष्यातली एवढीशी गोष्ट त्याच्या हातात होती, आणि त्यानं ती टोपीच्या सावलीत सडवली. तीन महिन्यांनी ते गेले. मधल्या काळात माझं जाणं झालं नाही, त्यामुळं मी त्यांना शेवटचं पाहिलं ते त्याच फेरीत.

तिथं फाटकासमोर आक्कानं विचारलं, "तुमी कुठं उभं ऱ्हायचा?"

दाजी खाली वाकले. वाळकी काटकी उचलली आणि रस्त्याकडेच्या धुळीत चौकोन काढायला लागले. "हे दार. हित्तं धुयाच्या मशिनी, तीन. ही इस्त्रीची. ह्या बाजूला चादरींचा ढीग. खिडकी न्हाई." रेघ वाकडी आली तर पुसून पुन्हा काढली. जीपवाला हॉर्न वाजवत होता, त्यांना ऐकूच येत नव्हतं. आक्का अनवाणीच त्या चौकोनात शिरली, दारातून, आणि इस्त्रीच्या मशिनीपुढं जाऊन उभी राहिली.

"हितं?"

"व्हय, हितं," दाजी म्हणाले. "जरा मागं सर. लय भाजायचं तिथं."